बुरूड राजाचा कोट आणि तेरा खापऱ्या

बोरिवलीला उतरणाऱ्याने विरार गाडीत चढू नये, हा पश्चिम रेल्वेवरचा अलिखित कायदा. आम्हाला नालासोपाऱ्याला उतरायचं होतं, म्हणजे आमची बाजू कायदेशीर होती. तरी दादरला दारातल्या एका गृहस्थांनी "कुठे?" असं दरडावून विचारलंच. उत्तर पसंत पडल्यावर त्यांनी एक खांदा आत घेतला आणि आम्ही त्या खांद्याच्या जागेत मावलो. मामांच्या पांढऱ्या केसांकडे बघून कुणीतरी त्यांना चौथी सीट देऊ केली. बाक तिघांचा, त्यावर बसलेला चौथा निम्मा बाकावर आणि निम्मा परमेश्वरावर. मामा तसे बसले आणि अंधेरी यायच्या आत त्यांनी बुद्धाच्या भिक्षापात्राची गोष्ट काढली.

बुद्धांना ज्ञान झालं, मग दोन व्यापाऱ्यांनी त्यांना पहिलं अन्न आणून दिलं. घ्यायला पात्र नाही. तेव्हा चार दिशांचे चार लोकपाल चार दगडी पात्रं घेऊन हजर झाले. एकाचं घ्यावं तर तिघांची तोंडं वाकडी. बुद्धांनी चारही घेतली, एकात एक ठेवली आणि दाबून त्यांचं एकच पात्र केलं. काठावर चार कडा तेवढ्या दिसत राहिल्या.

"म्हणजे 'सरका जरा' म्हणाले," तिसऱ्या सीटवरचे गृहस्थ म्हणाले. गोष्टीवर यापेक्षा नेमकं भाष्य माझ्या वाचनात नाही.

पुढची गोष्ट फाहियानची. हा चिनी भिक्षू पाचव्या शतकाच्या तोंडावर आजच्या पेशावरला पोचला आणि त्याने ते पात्र तिथे पाहिल्याचं लिहून ठेवलं. पात्राची ख्याती अशी, की गरिबाने दोन फुलं टाकली तरी ते काठोकाठ भरे आणि श्रीमंताने हजार पोती ओतली तरी रितंच राही. मामांच्या मते हे यंत्र आयकर खात्याने भाड्याने आणायला हवं होतं.

आता पेशावरच्या पात्रासाठी नालासोपाऱ्याला कशाला जायचं, असा प्रश्न बायकोने घरी विचारला होताच. उत्तर पश्चिमेला आहे. म्हणजे स्टेशनच्या पश्चिमेला. तिथे शेअर रिक्षात मागे तिघं आणि चालकाच्या शेजारी मी, असा लोकपालांचाच प्रयोग पुन्हा झाला. "स्तूप" म्हटल्यावर चालक विचारात पडला. "जुना बुद्ध" म्हटल्यावर लगेच निघाला.

बाहेर कुंपण, पुरातत्त्व खात्याचा निळा फलक, आत विटांचा बसका उंचवटा. नासधूस केल्यास शिक्षा काय, हे फलकावर सविस्तर वाचायला मिळतं. सांचीच्या अपेक्षेने आलेला माणूस इथे खट्टू होतो. मला मात्र या बसकेपणाचंच कौतुक वाटलं. शूर्पारक, म्हणजे जुना सोपारा, हे केवढं बंदर! इथल्या पूर्ण नावाच्या व्यापाऱ्याने चंदनाचा विहार बांधून बुद्धांना बोलावलं आणि ते शिष्यांसह आकाशमार्गाने आले, अशी बौद्ध कथा आहे. ("म्हणून वेळेवर आले," मामा.) पुढे गाव सगळं विसरलं आणि या टेकाडाला 'बुरूड राजाचा कोट' म्हणू लागलं.

१८८२ च्या एप्रिलमध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी हा कोट खणला. जुनागढचे हे पंडित डॉ. भाऊ दाजी लाड यांच्याकडे तयार झालेले. वसईकडचा एप्रिल ज्याने अंगावर घेतलाय, त्यालाच त्यांची विद्यानिष्ठा कळेल. आत विटांची एक कोठडी लागली, कोठडीत दगडी पेटी. पेटी उघडली तर मधोमध तांब्याचा करंडक आणि त्याला वेढून बसलेल्या आठ काशाच्या मूर्ती. सात बुद्ध होऊन गेलेले, आठवा यायचा असलेला मैत्रेय. तांब्याच्या करंडकात चांदीचा, त्यात दगडी, त्यात स्फटिकाचा, त्यात सोन्याचा. शिवाय सोन्याची फुलं आणि सातवाहन राजा यज्ञश्री सातकर्णीचं चांदीचं नाणं. सगळ्यात आतल्या सोन्याच्या डबीत काय असावं? मातीच्या भांड्याच्या तेरा बारीक खापऱ्या.

"बुरूडच तो," मामा म्हणाले. "टोपलीत टोपली बसवल्याशिवाय झोप यायची नाही."

या खापऱ्या बुद्धांच्या भिक्षापात्राच्या, असा पंडितांचा निष्कर्ष. मग पेशावरचं दगडी पात्र कुणाचं, असं तर्कटी वाचक विचारील. विचारू दे. पण सोन्याच्या डबीत खापरी जपणारा माणूस वेडा नव्हता. त्या मातीची किंमत त्याला ठाऊक होती, एवढं मी छातीठोक सांगतो. फाहियानच्या पात्राहून मला ही तेरा तुकड्यांची गोष्टच जास्त जादूची वाटते.

मामांनी पिशवीतून सुकेळी काढली. वाळक्या सोपट्यात गुंडाळलेली, मधाच्या रंगाची, बोटाला चिकटणारी. दोन तुकड्यांत पोट भरलं. आमची ऐपत लक्षात घेता फाहियानचा नियम इथे तंतोतंत लागू पडला.

पेटी सोपाऱ्यात राहिली नाही. ती मुंबईला एशियाटिक सोसायटीकडे गेली. त्याच वर्षी इथेच सापडलेला अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडाही मुंबईच्या वस्तुसंग्रहालयात आहे. त्या लेखाचा विषय प्रवासच: पूर्वीचे राजे शिकारीच्या, मौजेच्या सफरींना निघत, मी धर्मयात्रेला निघतो, असं सम्राट सांगतात. नालासोपाऱ्याची माणसं रोज सकाळी मुंबईला जातात आणि रात्री परत येतात. वस्तू तेवढ्या गेल्या त्या गेल्या.

वसई-विरारच्या शिक्षकांना एक विनंती. सहलीची बस अर्नाळ्याच्या रिसॉर्टकडे वळवण्याआधी मुलांना तासभर या कोटावर आणा, चक्रेश्वर तलावही दाखवा, आणि पुढे कधीतरी फोर्टातल्या टाऊन हॉलची पायरी चढवून त्या पेटीची चौकशी करा. फक्त एप्रिलमध्ये आणू नका. भगवानलालांना पेटी तरी मिळाली, मुलांना नुसता घाम मिळेल.