हार्पसिकॉर्डवाला

हार्पसिकॉर्डवाल्याला ओळखायचं ते कोटाच्या उजव्या खिशावरून. सूर लावायच्या किल्लीच्या वजनाने तो खिसा कायमचा ओघळलेला असतो. पॅरिस असो, क्राकूव असो, मध्यंतरात बाकीचे वादक कॉफीकडे धावतात आणि हा एकटाच प्रेक्षकांकडे पाठ करून वाद्यात डोकं खुपसतो. मंचावरच्या दिव्यांनी त्याच्या पितळी आणि लोखंडी तारा तापून उतरलेल्या असतात. टिंग, टिंग, पुन्हा टिंग. कार्यक्रमपत्रिकेत ‘आधुनिक’ असं छापलेलं असलं की दोन-चार सज्जन याच प्रकाराला टाळ्या देतात. हा वाकून नमस्कार करतो. टाळ्या परत पाठवायची ऐपत या धंद्यात कोणाचीच नसते.

व्हायोलिनवाला पाठीवर पेटी टाकून येतो, पियानोवाला तर हात हलवत. हा येतो टेम्पोतून, वाद्याशेजारी बसून. नावाजलेल्या वास्तुविशारदाने बांधलेलं सभागृह दाखवलं, तर तो छताकडे बघतही नाही. पहिला प्रश्न, ‘‘मागच्या दाराला पायऱ्या किती?’’

त्याचं खरं दुःख वाद्याच्या पोटात आहे. पट्टी दाबली की आत एक लाकडी दांडी वर उसळते आणि तिच्यातली नखी तार छेडते. ही नखी पूर्वी पिसाच्या देठाची असे, आता बहुधा प्लास्टिकची असते. पट्टी प्रेमाने दाबा नाहीतर रागाने, आवाज तेवढाच. आणि अशा वाद्यासमोर विसाव्या शतकातल्या रचनाकारांनी ट्रॉम्बोन बसवले.

तरी माणूस तत्त्वाचा. वीस वर्षं विद्यार्थ्यांना एकच मंत्र देत आलाय, रचनाकाराच्या कानात जे वाद्य होतं, त्याच वाद्यावर वाजवा. बाख बाखच्या काळातल्या वाद्यावर, कुपराँ कुपराँच्या. या मंत्राच्या जोरावर त्याने कित्येक पियानोवाल्यांचं जेवण कडू केलंय. त्याचा खास राग प्लेयेलवर. एकोणिसाव्या शतकात हार्पसिकॉर्ड जवळजवळ मोडीत निघाली होती. वांदा लांदोव्स्का या पोलिश बाईंनी प्लेयेल या पियानोच्या कंपनीकडून ती नव्याने बांधून घेतली. त्यांचं ते मोठं मॉडेल म्हणजे आत लोखंडी चौकट आणि पायाखाली सात पेडल. आमचा गृहस्थ त्याला ‘तिजोरी’ म्हणतो, आणि म्हणताना आवाज खाली आणतो, कारण बाईंचा फोटो त्याच्या भिंतीवर आहे.

अशात एका ऑर्केस्ट्राच्या कचेरीतून फोन येतो. पूलांकचा ‘कॉन्सेर शाँपेत्र’ वाजवाल का? हा हरखतो. मग पलीकडची मुलगी फॉर्म भरता भरता सहज विचारते, ‘‘वाद्य कोणतं आणू, सर? तुमचा तो लेख वाचलाय मी. म्हणजे पूलांकसाठी मूळ वाद्य प्लेयेलच ना?’’

फोनची रेंज जाते.

मुलीचं काहीच चुकलेलं नसतं. 1923 मध्ये पॅरिसला प्रिन्सेस द पोलिन्याक यांच्या दिवाणखान्यात मान्युएल दे फाया यांचं बाहुल्यांचं संगीत नाटक झालं, हार्पसिकॉर्डवर लांदोव्स्का. तिथे तरुण पूलांकची आणि त्यांची गाठ पडली. बाईंनी दोघांकडूनही कॉन्चेर्टो लिहून घेतले. फायाने 1926 मध्ये शहाणपणाने पाचच वाद्यांची साथ दिली. पूलांकने मात्र अख्खा ऑर्केस्ट्रा बसवला, ट्युबा आणि झायलोफोनसकट. नाव ‘ग्रामीण’, पण पूलांक पक्का पॅरिसकर, त्यामुळे त्याच्या रानात लष्करी बिगूलही वाजतात. 1929 मध्ये तो पहिल्यांदा वाजला तो साल प्लेयेल सभागृहात, लांदोव्स्कांच्या हातून आणि प्लेयेलवरच. सभागृह कंपनीचं, वाद्य कंपनीचं. याहून अस्सल काय असणार?

चार दिवसांनी रेंज परत येते. ‘‘मी माझंच वाद्य आणतो,’’ म्हणजे अठराव्या शतकातल्या फ्रेंच वाद्याची नक्कल. ‘‘खोलात जाऊन पाहिलं तर पूलांकला हेच अभिप्रेत होतं.’’ खोलात जायला तो नेहमी एकटाच जातो.

तालमीत कंडक्टर तिसऱ्या मिनिटाला थांबवतो. ‘‘सोलो सुरू झाला का?’’

‘‘कधीच. ट्युबाला जरा हळू सांगा.’’

ट्युबावाला पुस्तकातून मान वर करतो. त्याचा विराम चाललेला असतो. पूलांक काही खुळा नव्हता, ऑर्केस्ट्रा बोलत असताना हार्पसिकॉर्डला त्याने बऱ्याचदा गप्प ठेवलंय. पण हे सांगायचं कोणी?

ध्वनियंत्रणेचा पोरगा वायरचं वेटोळं घेऊन येतो. ‘‘माइक लावू?’’

‘‘माइक? अठराव्या शतकात माइक होता?’’

‘‘1929 मध्ये होता, सर.’’

त्या दिवसापासून हा पोरगा ‘संस्कार नसलेली पिढी’ या सदरात जमा होतो.

त्यातल्या त्यात त्याला गुरेत्स्कीचा 1980 चा कॉन्चेर्टो मानवतो. साथीला फक्त तारवाद्यं, दोन भाग, नऊएक मिनिटांत कारभार आटोपतो. आणि वाजवायचं म्हणजे तेच तेच ठोके, दम न घेता. कितीही बडवलं तरी आवाज तेवढाच, हे त्याच्याइतकं कोणाला ठाऊक? तरी तो बडवतो. घामाने निथळतो, चष्मा घसरतो, आणि घरी येईपर्यंत महिन्याभराचे अपमान निवळलेले असतात.

अखेर गाठ पडते मायकेल नायमनशी. 1995 चा त्याचा कॉन्चेर्टो मुळात ध्वनिवर्धित हार्पसिकॉर्डसाठीच लिहिलेला, तसं नावातच घातलेलं. म्हणजे मंत्राप्रमाणे इथे माइक हेच मूळ वाद्य! हा दोन दिवस विचारात पडतो, मग त्याच पोराला गंभीरपणे म्हणतो, ‘‘ऐतिहासिक कारणांसाठी लावावा लागेल.’’ पोरगा लावतो. जरा वाढव. अजून जरा. तालीम सुरू होते, आणि दहाव्या मिनिटाला व्हियोलाच्या रांगेतून एक बाई हात वर करतात. हार्पसिकॉर्ड फार मोठ्याने वाजतेय, आम्हाला आमचंच ऐकू येत नाही.

हा उठून उभा राहतो, ओघळलेल्या खिशातून किल्लीच्या खालून एक चुरगळलेला कागद काढतो, नीट सपाट करतो आणि बाईंच्या स्टँडवर ठेवतो.

‘‘बाई, एवढं जरा लेखी द्याल का? खाली तारीख घाला.’’