काळातून करंट

प्रत्येक तालुक्याच्या गावात असा एक तरी असतो. कोल्हापुरातले आमचे अण्णा उद्यमनगरात सापडतात, दुपारी चारला, लेथवाल्याचा चहा यायच्या बरोबर वेळेला. खांद्याला कापडी पिशवी, पिशवीत गुंडाळलेलं ड्रॉइंग, शर्टाच्या खिशात व्हर्नियर. निवृत्तीआधी कुठल्याशा कारखान्यात मेंटेनन्सला होते. आता संशोधक. तोंडावर अण्णा, पाठीमागे काळअण्णा.

सूर्यावर, वाऱ्यावर वीज करणाऱ्यांची त्यांना कीव येते. "सूर्य संध्याकाळी मावळतो. वारा लहरी. काळ कधी थांबलाय का? चोवीस तास फुकट वाहतोय, आणि एकालाही तिथं टर्बाइन बसवायचं सुचलं नाही!" यावर काय बोलणार? आपण चहा पुढे करतो.

अण्णा अडाणी नाहीत, हीच खरी पंचाईत. भास्कराचार्यांनी 1150च्या सुमाराला पोकळ आऱ्यांत अर्धा पारा भरून आपोआप फिरणारं चाक सांगितलं, हे त्यांना पाठ. निकोलाय कोझिरेव हा रशियन खगोलशास्त्रज्ञ तर त्यांचं कुलदैवतच. स्टालिनच्या राजवटीत तुरुंग आणि श्रमछावणी भोगून आलेला हा माणूस खरोखरच म्हणायचा, की तारे काळाच्या प्रवाहातून ऊर्जा घेतात. 1958मध्ये त्यानं काळाचा हा सिद्धांत छापला, आणि पुराव्यासाठी फिरते जायरोस्कोप तराजूवर तोलले. बाकीच्या शास्त्रज्ञांना ते पटलं नाही, एवढं मात्र अण्णा सांगत नाहीत.

जायरोस्कोपचं कळलं त्याच दिवशी अण्णांनी गुजरी गाठली आणि सराफाच्या काट्यावर भोवरा सोडला. भोवऱ्यानं दोन गिरक्या घेतल्या, काट्याच्या काचेवर आपटला आणि गिऱ्हाइकाच्या पाटल्यांत जाऊन पडला. वजन कमी झालं की वाढलं, ते बघायचं राहूनच गेलं. "निष्कर्ष अनुकूल," अण्णा म्हणाले.

यंत्र घरी, माडीवर. शिलाई मशीनचं चाक, त्याला सायकलचा डायनॅमो, वर लंबकाचं घड्याळ आणि टोकाला एक एलईडी. दिवा लागतो, खोटं कशाला बोला! मागे प्लायवुडची फळी, आणि फळीआड नऊ व्होल्टची बॅटरी. ती कशाला? "नुसती सुरुवात करून द्यायला. पंपात आधी कळशीभर पाणी ओततोच की आपण!" ही सुरुवात दर महिन्याला नव्या बॅटरीनं करून द्यावी लागते. काकू ती किराणाच्या यादीत हिंगाच्या खाली लिहितात. घड्याळाला चावीही अण्णाच देतात. मनगटाची ती ऊर्जा हिशेबात धरायची नाही, ती घरची.

गल्लीतल्या इंजिनिअरिंगच्या पोरानं एकदा धीर केला. निसर्गाचे नियम काल होते तेच आज आहेत, म्हणूनच ऊर्जा नव्यानं निर्माण होत नाही. एमी नोएथर या जर्मन गणितज्ञ बाईंनी हे 1918मध्येच दाखवून दिलंय, वगैरे. अण्णा खूश! "म्हणजे काळाची आणि ऊर्जेची सोयरीक बाईंनी जमवून ठेवलीच आहे. मी फक्त हुंडा मागतोय." पोरगं पुन्हा माडी चढलं नाही.

पेटंटसाठी मुंबईला, अँटॉप हिलला खेप झाली. 1970च्या पेटंट कायद्याचं कलम 3(अ) आडवं आलं: निसर्गाच्या प्रस्थापित नियमांविरुद्ध उघड जाणाऱ्या शोधाला पेटंट नाही. "नियमच बदलायला हवा," असं म्हणत अण्णा परतले. कुठला, कायद्याचा की निसर्गाचा, हे विचारायची कुणाची टाप नव्हती.

तरी एक सांगतो. 'गुंतवणूकदार पाहिजेत' म्हणत फिरणारी जात वेगळी. अण्णांनी कुणाचा रुपया बुडवलेला नाही. पितळी बुश आणि बेअरिंगांत गेला तो स्वतःचा फंड. आणि दोन तास बोलून ते टवटवीत होऊन उठतात, ऐकणारा मात्र मरगळून बसलेला असतो, तेव्हा मनात येतं की शोध लागलेला आहेच. काळ तेवढा दुसऱ्याचा लागतो.

तेव्हा लेथवाल्यांनो, अण्णा ड्रॉइंग घेऊन आले तर जॉब करून द्या. पैसे ते रोख देतात, घासाघीस करत नाहीत. फक्त 'हे चालतं कसं?' असं चुकूनही विचारू नका. त्या दिवशी दुसरा जॉब होणार नाही.