तात्यांची उलटी टपाल

'तेव्हा घेतला असता तर...' एवढंच वाक्य बोलून गप्प होणारा माणूस पिंपरी-चिंचवडच्या दर दुसऱ्या सोसायटीत सापडतो. उरलेलं ऐकणाऱ्याने समजून घ्यायचं. कुणाची मोशी हुकलेली असते, कुणाचं वाकड, कुणाचं ताथवडे. आमच्या तात्यांचा हिशोब मोठा. भोसरीपासून चाकणपर्यंत नाशिक रस्त्यावरचं एकही गाव त्यांनी हुकवल्यावाचून सोडलेलं नाही. बाकीचे उसासा टाकून चहा पितात. तात्या पडले मेंटेनन्सचे. बिघाड दिसला की पाना हातात आलाच पाहिजे. म्हणून निवृत्त झाल्यावर त्यांनी मागच्या काळात निरोप धाडायचं यंत्रच करायला घेतलं.

यंत्र गॅलरीत आहे, वॉशिंग मशीन आणि तुळशीच्या मध्ये. त्यात चेतकची इग्निशन कॉइल आहे, मोडीत काढलेल्या लिफ्टची बटणं आहेत, आणि रिक्षाचं एक जुनं मीटर आहे, जे उलटं फिरतं. (मीटर उलटं फिरवणारा रिक्षावाला या शहरात अजून जन्मायचाय, तात्यांनी निदान मीटर तरी तयार ठेवलंय.) बराचसा माल कुदळवाडीच्या भंगारातला. २०२५ मध्ये पालिकेने तिथली गोदामं पाडली आणि नेमका एक रिले मिळेनासा झाला. "आता तो मागवायला निरोप गेल्या सालात धाडावा लागणार," तात्या म्हणाले, "आणि निरोप धाडायला रिले लागणार." असल्या पेचांवर विज्ञानवाले जाडजूड ग्रंथ लिहितात. तात्यांच्या वहीत त्यापुढे 'मटेरियल शॉर्टेज' एवढीच नोंद आहे.

तात्यांच्या मते यात अशक्य काही नाहीच. निरोप काळातून रोज जातात. फर्स्ट शिफ्टवाला लॉगबुकात लिहून ठेवतो, 'तीन नंबर प्रेसला आवाज येतोय, बघून घेणे.' ते वाचणारा माणूस आठ तासांनी पुढे असतो. तो त्याखाली 'आवाज ऐकला' असं लिहून सही करतो आणि घरी जातो. आता याहून लांब पल्ल्याचं उदाहरण हवं असेल तर आपली चेतक. १९७२ साली गाडी आली आणि सगळा देश आकुर्डीकडे तोंड करून रांगेत उभा राहिला. नंबर लागायला वर्षं जायची. "मुलगी रांगायला लागली की बाप बुकिंग करायचा," तात्या सांगतात. "जावई कोण त्याचा पत्ता नाही, पण त्याची स्कूटर ठरलेली. म्हणजे उद्याकडे जाणारी टपाल चालूच आहे रे. मला फक्त उलटी पाहिजे."

दिल्लीवाल्यांनी १९७३ च्या स्वातंत्र्यदिनी लाल किल्ल्याच्या आवारात कालपत्र पुरलं होतं, पुढच्या पिढ्यांसाठी. १९७७ मध्ये सरकार बदललं आणि नव्या सरकारने ते उकरून काढलं. ही हकीकत मी सांगितली तेव्हा तात्यांना जरासुद्धा नवल वाटलं नाही. "पाळी बदलली की आधीच्याचं सेटिंग बिघडवायचंच. त्याशिवाय काम केल्यासारखं वाटत नाही." स्टीफन हॉकिंगने काळप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली, आमंत्रणं मेजवानी झाल्यावर काढली, आणि कुणीही आलं नाही, हेही ऐकवलं. त्यांनी तारीख विचारली. २८ जून २००९. मोबाइलवर कॅलेंडर मागे ढकलत नेलं आणि म्हणाले, "रविवार. डबल ओटी सोडून कोण येणार?"

त्यांचा खरा आधार मात्र खोडदचा आहे. चाकणहून त्याच नाशिक रस्त्याने पुढे नारायणगाव, तिथून आत खोडद. तिथे आणि आसपासच्या शिवारांत मिळून पंचेचाळीस मीटर व्यासाच्या तीस अवाढव्य तबकड्या आकाशाकडे कान लावून उभ्या आहेत. ८८० कोटी वर्षांपूर्वी एका आकाशगंगेतून निघालेला हायड्रोजनचा संकेत तिथे टिपला गेल्याची बातमी २०२३ मध्ये आली. ते कात्रण यंत्रावर चिकटवलेलं आहे. "एवढा जुना निरोप नारायणगावला पोचतो, आणि माझा इथून १९८८ मध्ये जात नाही?" मी म्हटलं, "तात्या, तो वरून आला. चाकणच्या तळेगाव चौकातून आला असता तर अजून वाटेतच असता." हे त्यांना पटलं. तेव्हापासून यंत्राची अँटेना रस्त्याकडे न ठेवता गच्चीकडे वळवलेली आहे.

राहिला मजकूर. आधी तीनच शब्द होते: 'चाकणला जागा घे.' पण १९८८ मधल्या तात्यांना चाकण म्हणजे कांद्याचा बाजार आणि पडका किल्ला. पुढे १९९९ मध्ये तिथे बजाजचा कारखाना होणार, २००९ मध्ये फोक्सवॅगनचा, हे त्यांना कोण पटवणार? म्हणून कारणं घातली. पैसे कुठून आणायचे हा प्रश्न येणारच, म्हणून पीएफचं कर्ज घातलं. सातबारा नीट बघ, इसारपावती स्टॅम्पवर कर, हेही घातलं. शेवटी फुलस्केपची दोन पानं झाली, खाली 'तुझाच, तात्या', आणि तोतयाचा संशय नको म्हणून टोकन नंबर.

परवा काकूंनी ती पानं भाजी निवडता निवडता वाचली.

"अहो, हे सगळं तुम्हाला पोचलंय की."

"काय पोचलंय?"

"अठ्ठ्याऐंशी सालीच. माझा दादा दिवाळीला आला होता. हेच म्हणाला. चाकणला पाच गुंठे आहेत, पीएफमधून काढा, सातबारा मी बघतो. टोकन नंबर तेवढा सांगितला नाही त्याने."

तात्या मीटर पुसू लागले.

"आणि तुम्ही काय म्हणालात? तिथे काय कांदे लावायचेत?"

बराच वेळ स्क्रूड्रायव्हर फिरत राहिला. मग तात्यांनी वही ओढली आणि ब्रेकडाउनच्या रकान्यात लिहिलं : 'ट्रान्समिशन ओके. रिसीव्हर फॉल्टी.' दोन्ही पानं फाडली आणि नवा मजकूर घातला : 'मेव्हण्याचं ऐक.'

"त्यात बायकोचंही घाला," काकू म्हणाल्या. "दादाला मीच बोलावून घेतलं होतं."

शब्दमर्यादा संपली, असं तात्यांनी यंत्राच्या वतीने कळवलं.