तात्या विंचू, लिज्जतचा ससा आणि केसाळ गोळे

"काय व, रात्री तुझ्याकडं एवढ्या किंकाळ्या कसल्या? आमच्या ह्यांची रात्रपाळी, घरात मी एकटी. मला वाटलं, सासू-सुनेचं वाजलं."

"सासूबाई तर अमळनेरला गेल्यात, आक्का. पोरं 'झपाटलेला २' पाहत होती."

"दुसरा? त्यात पाहण्यासारखं काय राहिलं? लक्ष्याच नाही त्यात."

उधन्यात आमच्या दोन घरांमधली भिंत छातीएवढी. आक्का तिच्यावर कोपरं टेकवूनच बोलतात. मागे लूमची खटखट चालू असते, त्यामुळे गुपितंसुद्धा ओरडून सांगावी लागतात. अख्ख्या गल्लीला ती कळतात, पण इलाज नाही. मी खाटेवर उडदाचे पापड पसरत होते.

"लक्ष्या कुठून आणणार? लक्ष्मीकांत बेर्डे २००४ च्या डिसेंबरात गेले, सिनेमा आला २०१३ ला. म्हणून गोष्टीत लक्ष्याचा मुलगा आणला. तात्या विंचूचं ते बाहुलं आता त्याच्या मागे लागलंय."

"तात्या मात्र तोच ना? आवाज?"

"आवाज प्रभावळकरांचाच."

"माणूस तरी कसा व! एका सिनेमात तात्या विंचू, आणि मुन्नाभाईच्या त्या दुसऱ्या सिनेमात गांधीजी. आमच्या ह्यांना अजून पटत नाही. म्हणतात, दोन वेगळे प्रभावळकर असतील."

मी हातातला पापड उचलून दाखवला. "आणि आक्का, त्या बाहुल्याच्या मागे हात कोणाचा, माहीत आहे? रामदास पाध्यांचा. लिज्जतच्या जाहिरातीतला ससाही त्यांचाच."

"जा, काहीही सांगते!"

"खरंच. वडिलांचा बोलका बाहुला अर्धवटराव हातात घेऊन गावोगाव कार्यक्रम केले त्यांनी. घरातच ती कला."

आक्का पापडाकडे संशयाने पाहून राहिल्या. लिज्जतचं त्यांना सगळं ठाऊक, १९५९ साल, गिरगावातल्या सात बायका, उसने ऐंशी रुपये. आमच्या बचतगटाच्या प्रत्येक बैठकीत त्या ते ऐकवतात. पण तात्या विंचू आणि पापडाचा ससा एकाच हातावर नाचले, हे त्यांच्या हिशेबात कुठेच बसेना.

"थांबा, सशावरून आठवलं. नंदुरबारहून भाचा आलाय ना, त्याला इंग्रजी भुताखेतांच्या सिनेमांचं येड. काल त्यानं मोबाइलवर 'क्रिटर्स २' लावला. १९८८ चा. आकाशातून आलेले बुटके प्राणी, मांजराएवढे, सगळं अंग केसाळ, तोंडभर सुळे. पाय आखूड, म्हणून गोळा होऊन गडगडत येतात. दिसेल ते खातात."

"करतात काय पण? बदला-बिदला?"

"काही नाही. जेवतात."

"एवढंच? आपल्या तात्याला निदान माणसाचं शरीर तरी पाहिजे होतं."

"ऐका तर. पहिल्या भागात ते मारले, पण अंडी मागे राहिली. दुसऱ्या भागात गावातल्या कोणाला ती सापडतात. ईस्टरचा सण असतो, तिकडं अंडी रंगवायची रीत. मग लोक तीच अंडी हौसेनं रंगवतात! आणि सशाचा पोशाख घालून एक जण उभा असतो, ईस्टरचा ससा म्हणून. त्याच्यावरच ते प्राणी तुटून पडतात, आणि तो एवढा मोठा ससा खिडकी फोडून थेट चर्चमध्ये, प्रार्थनेला बसलेल्या लोकांसमोर!"

आक्का एवढ्या हसल्या की पलीकडच्या ओट्यावर साडीचे धागे कापत बसलेल्या काकूंनी मान वर केली.

"आणि शेवटी सगळे एकमेकांना चिकटून एकच मोठा गोळा होतात. तो माणसावरून गेला की खाली नुसता सांगाडा."

"खर्च बराच झाला असेल."

"कुठला! रबर, खोटे केस, आणि खालून हलवणारे हात. भाचा म्हणतो, नीट पाहिलं की गोळा कोणीतरी ढकलल्यासारखा वाटतो. पण पोरं घाबरली की! 'झपाटलेला २' थ्रीडीत निघाला, चष्मे लावून पाहायचा. मला विचाराल तर बाहुलं चष्म्यातून अंगावर येण्यात मजा नाही. ते कोपऱ्यात गप्प बसलेलं असतं आणि मान जराशी वळते, तिथं पोटात गोळा येतो."

"नाही, नाही," आक्कांनी हात झटकला. "भीती बाहुल्यात नव्हतीच. लक्ष्यात होती. तो कंठशोष करून सांगायचा, बाहुलं बोलतं, बाहुलं मारतं, आणि कोणाला खरं वाटत नव्हतं. आपण हसायचो त्याला. हसता हसता वाटायचं, याची गोष्ट घरच्यांनीही ऐकू नये? लग्न होऊन इथं आले, तेव्हा मी सांगायचे, पत्र्यावर रात्री कोणी चालतं. सासरे म्हणायचे, मांजर आहे."

"होतं काय मग?"

"मांजरच होतं. पण एकदा तरी कोणी वर जाऊन पाहायला पाहिजे होतं ना!"

यावर मला बोलताच येईना. दुसऱ्या भागात नेमकं तेच हरवलंय. मकरंद अनासपुरे आहेत, सई ताम्हणकर, सोनाली कुलकर्णी आहेत, पण बाहुलं मारतं हे आता सगळ्यांना आधीच माहीत. प्रेक्षकांना तर १९९३ पासून माहीत. ते कोणाला पटवण्याची धडपडच उरली नाही. त्या केसाळ गोळ्यांच्या दुसऱ्या भागाचं तसं नाही झालं, कारण तिथं गावानं स्वतःच्या हातानं रंगवून संकट घरात आणलं.

"आणि त्यांचा तिसरा भागही आहे, आक्का. १९९१ चा. त्यात टायटॅनिकवाला पोरगा आहे, लिओनार्डो. त्याचा पहिलाच सिनेमा तो."

"तो गोरा? त्या केसाळ गोळ्यांमध्ये?" आक्कांनी पदर सावरला. "म्हणजे त्यांना पोरगं तरी चांगलं सापडलं. आपल्याकडं काय केलं? महेश कोठारे पहिल्यात इन्स्पेक्टर. आणि लक्ष्याचा मुलगा म्हणून उभा कोणाला केला?"

"आदिनाथला."

"म्हणजे कोठाऱ्यांच्याच पोराला! पोरगा गुणाचा आहे, माझं काही म्हणणं नाही. पण लक्ष्याला स्वतःचं पोरगं नाही का? अभिनय."

"तो तेव्हा लहान होता हो. पंधरा-सोळाचा. त्याचा पहिला सिनेमा २०१७ ला आला, 'ती सध्या काय करते'."

"मग थांबायचं होतं चार वर्षं," आक्का म्हणाल्या. "बाहुलं काय म्हातारं होणार होतं का?"