परलोकातही मस्टर

आपल्या पूर्वजांनी ८४ लक्ष योनी मोजल्या, पण त्यांत व्हेंडिंग मशीन धरायचं राहून गेलं. ती उणीव जपानने २०२३ मध्ये भरून काढली. त्या वर्षी आलेल्या एका अ‍ॅनिमे मालिकेचा नायक असल्या यंत्राखाली चिरडून मरतो आणि परलोकात तेच यंत्र होऊन जन्मतो. तिथे तगून राहायला त्याला पॉइंट लागतात, पॉइंटांना पैसा लागतो, पैशाला गिऱ्हाईक. थोडक्यात, मेल्यावरही विक्रीचं टार्गेट सुटलं नाही.

या प्रकाराला तिकडे इसेकाई म्हणतात. शहरातला गांजलेला माणूस मरतो, शक्यतो ट्रकखाली, आणि ड्रॅगन, जादू नि सुंदर एल्फ असलेल्या राज्यात अवतरतो. ट्रकची ही वाङ्मयसेवा एवढी मोठी की चाहत्यांनी त्याला ‘ट्रक-कुन’ असं लाडाचं नाव दिलंय. आपल्या डंपरांना असं कौतुक कधी लाभायचं?

आता कटकटीतून सुटलेल्या माणसाने परलोकी जाऊन काय करावं? खुशाल लोळावं. पण ‘कोनोसुबा’ या मालिकेतला काझुमा पोचतो तो थेट गिल्डच्या, म्हणजे साहसवीरांच्या संघाच्या, काउंटरवर. तिथे नोंदणी शुल्क! पुढे पोटासाठी बांधकामावर मजुरी आणि निजायला घोड्यांचा तबेला. सोबत साक्षात देवी आहे, तीही त्याच मजुरीवर.

दुसरी ती अझुसा. २७व्या वर्षी कामाच्या ओझ्याने मरते आणि देवीकडे निवांत अमरपण मागून घेते. मग ३०० वर्षं नित्यनेमाने स्लाइम नावाचे बुळबुळीत जीव मारते, त्यांतून निघणारे खडे गिल्डमध्ये मोडते आणि घर चालवते. ३०० वर्षांची सेवा, एकही बदली नाही.

सर्वांत पुढे गेला तो ३७ वर्षांचा सातोरू मिकामी. बांधकाम कंपनीतला हा नोकरदार चाकूच्या वाराने मरतो आणि स्वतःच स्लाइम होतो. अंगी अफाट शक्ती येते. तिचं करतो काय? रस्ते, व्यापारी करार आणि बैठका. २०२४च्या तिसऱ्या पर्वात बैठका इतक्या झाल्या की चाहतेच कावले. ऑफिसची मीटिंग म्यूट करून राक्षसांची मीटिंग बघत बसायची, हे कुणाला सोसेल?

हे सगळं बघणाऱ्या पोरांना पळपुटे म्हणणाऱ्यांचं मला नवल वाटतं. पळणारे हिमालयात जायचे. हे फार तर पलीकडच्या टेबलापर्यंत जातात. ड्रॅगन निमित्तमात्र. सगळी मोहिनी आहे ती डोळ्यांपुढे हवेत उघडणाऱ्या त्या चौकटीत: आज इतके मारले, ताकद इतकी वाढली, लेव्हल एकाने वर. गोपनीय अहवाल उघडा, बढतीचा हिशेब चोख, मधे साहेबाची मर्जी नाही. असं कार्यालय जिवंतपणी कुठे सापडत नाही, म्हणून ट्रक लागतो.

ट्रकची भीती वाटणाऱ्यांसाठी मोबाइल आहे. शांघायच्या कंपनीने २०२० मध्ये आणलेल्या ‘गेन्शिन इम्पॅक्ट’ या गेममध्ये रोजची चार कामं ठरलेली. ती उरकून काउंटरवरच्या कॅथरीनला वर्दी द्यायची. ‘रेझिन’ नावाचा शिधा दर आठ मिनिटांना एक जमतो आणि २०० वर थांबतो. म्हणजे २६ तास ४० मिनिटांत फिरकला नाहीत, तर पुढचा बुडाला. बडा योद्धा हवा असेल तर सोडत. लागण्याची शक्यता ०.६ टक्के. ९०व्या खेपेला कोणीतरी बडा नक्की मिळतो, पण हवा होता तोच मिळेल असं नाही. म्हाडाचे अर्जदार हे चटकन समजतील.

आशियाई सर्व्हरचा दिवस भारतात रात्री दीडला उलटतो. हिंजवडीतला पोरगा दिवसभराची तिकिटं बंद करून घरी येतो, जेवतो, आडवा होतो आणि सव्वाला ताडकन उठतो: चार कामं राहिली! सकाळी उशीर झाला तर साहेबाला ‘नेट गेलं होतं’ म्हणून सांगता येतं. कॅथरीनला तेही सांगता येत नाही, कारण नेट नसेल तर ती भेटतच नाही.