सहा महिन्यांच्या मुक्कामात बेसबॉल कसा ऐकावा

हे मार्गदर्शन कोणासाठी? जे आईवडील एप्रिलात भाजणी, मेतकूट आणि गोडा मसाला घेऊन सॅन फ्रान्सिस्कोच्या विमानतळावर उतरतात, फ्रीमाँटला नाहीतर सनीव्हेलला मुलाकडे किंवा लेकीकडे राहतात आणि दिवाळीच्या आत ठाण्याला, नाशिकला परततात, त्यांच्यासाठी. इमिग्रेशनचा अधिकारी बहुधा सहा महिने देतो. इथला व्यावसायिक बेसबॉलही मार्चच्या अखेरीस सुरू होऊन सप्टेंबरच्या अखेरीपर्यंत चालतो आणि तेवढ्यात प्रत्येक संघ १६२ सामने खेळतो. म्हणजे जवळजवळ रोज एक. सकाळी आठला सगळं घर रिकामं होतं, रस्त्यावर माणूस दिसत नाही, शेजारी हात हलवून गाडीत बसतो. अशा ठिकाणी रोज ठरल्या वेळी कोणीतरी येऊन अडीच तास गप्पा मारून जाणार असेल, तर त्याला नाही म्हणू नये.

पहिली सूचना: टीव्ही लावू नका. बेसबॉलमध्ये बराच वेळ काहीही घडत नाही. टीव्ही ते काहीही न घडणं जवळून दाखवतो: चेंडू टाकणारा पिचर सूर्यफुलाच्या बिया चघळतोय, टोपी सारखी करतोय, थुंकतोय. रेडिओवर त्याच वेळात माणूस बोलतो, आणि तो काय बोलतो यासाठीच तर ऐकायचं.

साहित्य म्हणजे एक रेडिओ. इथेच पहिली अडचण येते. घरात भिंतीएवढा टीव्ही असतो, दाराच्या घंटीलाही कॅमेरा असतो, पण रेडिओ नसतो. मुलगा म्हणेल, गाडीत आहे ना. गाडी इलेक्ट्रिक असेल तर कदाचित तिथेही एएम नसेल. मोटरमुळे एएमवर खरखर येते म्हणून काही कंपन्यांनी तो बँडच काढून टाकला. त्यावर अमेरिकन संसदेत २०२३ साली विधेयकही आलं, कारण वादळात आणि वणव्यात लोकांना खबर देणारा एएमच असतो. तुम्ही एवढ्या खोलात जाऊ नका. सेलवर चालणारा दोन बँडचा साधा ट्रान्झिस्टर मागवून घ्या. सॅन फ्रान्सिस्कोच्या जायंट्स संघाचे सामने केएनबीआर या स्टेशनवर लागतात, ६८० एएमवर. हेच स्टेशन १०४.५ एफएमवरही स्वच्छ लागतं, पण शिकाऊ माणसाने एएमच धरावा. इतका स्वच्छ आवाज बेसबॉलला शोभत नाही, असं माझं मत आहे.

खरखर आलीच तर रेडिओला चापट मारण्याचा आपल्याकडचा पारंपरिक उपाय लगेच करू नये. आधी तो जागच्या जागी हळूहळू फिरवा. एएमचा अँटेना आत आडवा बसवलेला असतो, त्यामुळे रेडिओचं तोंड कुठे आहे यावर आवाज ठरतो. मग फोनचा चार्जर आणि एलईडी दिवा बाजूला करा, इंडक्शनची शेगडी बंद करा. तरीही जमलं नाही तर चापट आहेच.

स्टेशन फोनवर ऐकू असं मनात असेल, तर एवढं ध्यानात ठेवा: सामन्याच्या इंटरनेट हक्कांचा कारभार वेगळा आहे, आणि पुष्कळ स्टेशनांच्या इंटरनेट प्रक्षेपणावर ऐन सामन्याच्या वेळी दुसरंच काहीतरी लागतं. हवेतून येणारा सामना मात्र फुकट आहे. या देशात फुकट गोष्टी फार नाहीत.

आता नियम. ते शिकायला बसू नका. जावई उत्साहाने कागदावर कोनावर उभा चौकोन काढून दाखवेल. कागद घ्या, छान म्हणा आणि घडी करून ठेवून द्या. क्रिकेट ऐकलेल्या माणसाला थोडक्यात भागतं. गावसकर बाद झाला की जेवण गेलं नाही अशा पिढीने एक ध्यानात ठेवावं की इथे बाद होणं अगदी स्वस्त आहे. एका इनिंगमध्ये तीन बाद, इनिंग नऊ, म्हणजे प्रत्येक संघाचे २७ जण बाद व्हायचेच असतात आणि बाद झालेला माणूस थोड्या वेळाने पुन्हा बॅट घेऊन हजर होतो. दहातल्या तीन वेळा ज्याला हिट मिळतो तो उत्तम बॅटर. उरलेल्या सात वेळांबद्दल कोणी त्याला बोल लावत नाही. समालोचक मधूनमधून दोन आकडे एकापाठोपाठ म्हणतो, त्यातला पहिला बॉलचा, दुसरा स्ट्राइकचा. चार बॉल झाले तर बॅटर चालत पहिल्या बेसवर जातो, तीन स्ट्राइक झाले तर बसायला जातो.

राहता राहिला फाउल. रेषेबाहेर गेलेला फटका म्हणजे फाउल. तो स्ट्राइकमध्ये धरतात, पण दोन स्ट्राइक झाल्यावर धरत नाहीत. याचा अर्थ बॅटरने मनात आणलं तर तो फाउल मारत कितीही वेळ उभा राहू शकतो. या सवलतीचा सर्वांत मोठा फायदा एका समालोचकाने करून घेतला. १९३०च्या दशकात आयोवातल्या डे मॉइन शहरात, डब्ल्यूएचओ स्टेशनवर एक तरुण शिकागो कब्जच्या सामन्यांचं वर्णन करत असे. तो मैदानावर नसायचाच. तारेने त्रोटक मजकूर यायचा आणि हा स्टुडिओत बसून ऊन, धूळ, गर्दी सगळं पदरचं घालायचा. एकदा तार मधेच तुटली. सामना थांबला म्हणून सांगितलं असतं तर श्रोते दुसऱ्या स्टेशनवर गेले असते. मग त्याने बॅटरला फाउल मारायला लावलं. एक फाउल, आणखी एक फाउल, तो पकडायला पोरांची झटापट, पुन्हा फाउल. तार जोडली जाईपर्यंत कित्येक मिनिटं हेच चाललं. हा किस्सा तो स्वतःच पुढे रंगवून सांगत असे. त्याचं नाव रोनाल्ड रेगन. न दिसणाऱ्या गोष्टींचं खात्रीने वर्णन करण्याची ही तालीम पुढे व्हाइट हाउसमध्ये किती उपयोगी पडली, हे तुम्हीच ठरवा.

इथून आपण मुख्य विषयाकडे, म्हणजे समालोचकाकडे येतो. रेडिओवरचा बेसबॉल १९२१च्या ५ ऑगस्टला पिट्सबर्गच्या केडीकेए स्टेशनवर सुरू झाला. हॅरॉल्ड आर्लिन नावाच्या माणसाने पायरेट्स आणि फिलीज यांचा सामना सांगितला. तेव्हापासून हा धंदा मोकळा वेळ भरण्याचा आहे. दोन चेंडूंच्या मध्ये समालोचक कीर्तनकारासारखा आख्यान सोडून दृष्टान्तात शिरतो: या पिचरचा मामा कुठे शेती करायचा, १९७४ साली याच मैदानावर काय झालं, आज हॉटेलात न्याहारीला काय होतं. आणि चेंडू सुटला की शब्दही न सांडता परत येतो. जायंट्सकडे १९९७पासून जॉन मिलर आहेत. तुमच्यापैकी ज्यांनी आकाशवाणीवर बाळ ज. पंडितांचं मराठी समालोचन पानपट्टीच्या दुकानासमोर उभं राहून ऐकलं आहे, त्यांचा कान तयार आहेच. इंग्रजी अर्धं कळलं नाही तरी बिघडत नाही. आवाज कधी चढतो ते कळलं की पुरे. त्याच्याही आधी गर्दी सांगते. ओरॅकल पार्क या जायंट्सच्या मैदानाची उजवीकडची भिंत चोवीस फूट उंच आहे आणि तिच्यापलीकडे थेट खाडीचं पाणी. तिकडे चेंडू उडाला की आधी बॅटचा टणत्कार, मग प्रेक्षकांचा हळूहळू वर जाणारा आवाज, आणि मग मिलर. पाण्यात होड्या घेऊन चेंडूची वाट पाहणारे लोक असतात, हे मात्र खरं आहे. त्याला फेकूगिरी समजू नका.

फेकूगिरी होतेच, पण वेगळी. डेट्रॉइटचे एर्नी हारवेल फाउल चेंडू गर्दीत गेला की तो कोणत्या गावच्या माणसाने पकडला हे सांगायचे. मिशिगनमधल्या गावागावांत लोक आपल्या गावाचं नाव येण्याची वाट पाहत. हारवेलना हे कसं कळतं? कळत नव्हतंच, मनाला येईल ते गाव सांगत. आणि या हारवेलना ब्रुकलिन डॉजर्सनी १९४८ साली मिळवलं ते एक कॅचर अटलांटाच्या संघाला देऊन. समालोचकाच्या बदल्यात खेळाडू! समालोचकाची किंमत जाणणारा याहून चांगला व्यवहार मला माहीत नाही.

स्कोअर काय झाला हे पटकन कळेल अशी अपेक्षा ठेवू नका. तुम्ही फोडणी घालायला आत जाल, परत याल, तेव्हा मामाची शेती चालू असेल. रेड बार्बर या थोर समालोचकाने यावर उपाय म्हणून टेबलावर अंडी उकडताना लावतात ते तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवलं होतं. वाळू संपली की स्कोअर सांगायचा आणि घड्याळ उलटं करायचं. हल्लीच्यांकडे ते नसावं. तुम्हीच रेडिओशेजारी वही ठेवा.

समालोचक गप्प बसला तर रेडिओ बिघडला असं समजून सेल काढू नका. ८ एप्रिल १९७४ला अटलांटात हँक एरनने ७१५वा होमरन, म्हणजे आपल्या षटकारासारखा फटका, मारून बेब रूथचा विक्रम मोडला. तोवर ब्रुकलिनहून लॉस एंजेलिसला गेलेल्या डॉजर्सच्या रेडिओवर तेव्हा विन स्कली होते. फटका सांगून झाल्यावर ते बराच वेळ एक शब्द बोलले नाहीत, नुसती गर्दी ऐकू दिली. असे हे स्कली १९५०पासून २०१६पर्यंत ६७ हंगाम बोलत होते. लॉस एंजेलिसचे प्रेक्षक तिकीट काढून मैदानात बसायचे आणि समोर काय चाललंय ते कळावं म्हणून सोबत ट्रान्झिस्टर न्यायचे.

एक तक्रार नोंदवून ठेवतो. २०२३पासून पिचरसाठी घड्याळ आलं. बेसवर कोणी नसेल तर पंधरा सेकंदांत चेंडू टाकायचा. सामन्याची सरासरी लांबी तीन तास चार मिनिटांवरून दोन तास चाळीस मिनिटांवर आली आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. त्या चोवीस मिनिटांत किती मामांच्या शेत्या बुडाल्या याचा हिशेब कोणी केला नाही.

थोडं पुढे गेल्यावरचा एक प्रयोग नातवासमोर करून पाहण्यासारखा आहे. त्याला टीव्हीवर सामना लावू द्या, टीव्हीचा आवाज बंद करा आणि ट्रान्झिस्टरचा इअरफोन कानात घालून शेजारी बसा. टीव्हीचं चित्र इंटरनेटवरून फिरून येतं, त्यामुळे रेडिओ बहुधा बराच पुढे असतो. आता होमरन होईल म्हणायचं, आणि होतो. आजोबांना अमेरिकेत येऊन सिद्धी प्राप्त झाली अशी बातमी शाळेत पसरते. पोरगं सातवीच्या पुढे असेल तर या भानगडीत पडू नका.

शेजाऱ्याशी बोलताना दोन पथ्यं पाळा. तो जुना रहिवासी असेल तर ओकलंडच्या ए'ज संघाचा विषय काढू नका. तो संघ २०२४च्या हंगामानंतर शहर सोडून गेला आणि ती जखम ताजी आहे. विषय निघालाच तर १९७८चा काढा. त्या वर्षी हंगाम उजाडला तरी संघमालकाने रेडिओ स्टेशनच ठरवलं नव्हतं, म्हणून सुरुवातीचे सामने बर्कलीच्या विद्यार्थ्यांच्या दहा वॉटच्या स्टेशनवरून पोरांनी सांगितले. केएनबीआर पन्नास हजार वॉटचं आहे, यावरून अंदाज करा. शेजारी हसेल आणि बहुधा लिंबं आणून देईल.

दुसरं पथ्य डॉजर्सचं. इथे राहून डॉजर्सबद्दल बरं बोलायचं नाही. वर स्कलींचं कौतुक केलं तेही घरातच ठेवा. भांडण जुनं आहे, दोन्ही संघ न्यूयॉर्कचे होते तेव्हापासूनचं. ३ ऑक्टोबर १९५१ला बॉबी थॉमसनने अगदी शेवटी होमरन मारून डॉजर्सच्या तोंडचा घास काढला, आणि रस हॉजेस रेडिओवर, जायंट्स जिंकले, जायंट्स जिंकले, असं बेभान ओरडत सुटला. अमेरिकेत आजही हा आवाज ऐकवतात. तो उरला कसा? ब्रुकलिनमधला एक चाहता कामाला जाताना आईला सांगून गेला होता की शेवटच्या इनिंगला टेपरेकॉर्डर चालू कर. आईने केला. मुलगा ऑफिसात असताना घरात बसून रेडिओ ऐकणाऱ्या आयांना रिकामटेकडं समजणाऱ्यांना ही हकीकत जरूर सांगा.

जुलैच्या मध्यावर ऑल-स्टारच्या सुट्टीत जायंट्सचे सामने तीन-चार दिवस नसतात. ते दिवस कठीण जातात. ग्रँड कॅन्यन तेव्हाच उरकून घ्या.

परत गेल्यावर सवय मोडवणार नाही. मेजर लीगच्या ॲपवर वर्गणी भरून रेडिओचं समालोचन भारतातही ऐकता येतं. वेळेचं गणित सोपं आहे: इथल्या वेळेत साडेबारा तास मिळवायचे. इथे संध्याकाळी पावणेसातला सुरू होणारा सामना ठाण्यात दुसऱ्या दिवशी सकाळी सव्वासातला लागतो, दूध तापवायच्या वेळेला. नोव्हेंबरात अमेरिकेची घड्याळं तासाने मागे जातात तेव्हा साडेतेरा मिळवावे लागतील. पण तोवर हंगाम बहुधा संपलेला असतो, म्हणून हा आकडा पाठ करायची गरज नाही.