स्वतःच्या आठवणी पुसण्याची शास्त्रोक्त रीत

‘स्वस्मृतिलोपप्रदीप’ हा ग्रंथ अजून कोणी लिहिलेला नाही. पण कधी लिहिला गेलाच, तर तो सुरतेजवळच्या चलथाणलाच लिहिला जाईल याबद्दल आम्हाला शंका नाही. मुखपृष्ठावर कर्त्याचं नाव नसेल, ते शास्त्राला धरूनच होईल. ऋणनिर्देशही नसेल, कारण ज्यांचं देणं होतं त्यांना कर्त्याने पहिल्याच प्रकरणात पुसलेलं असेल. तोवर साधकांची अडचण होऊ नये म्हणून त्यातली मुख्य कृती इथे देत आहोत.

साधक खानदेशी असावा. उधना-जळगाव लाइनवरच्या अमळनेर, दोंडाईचा, नंदुरबारकडून पोटासाठी सुरतेच्या बाजूला उतरलेला, मिलमध्ये किंवा लूमवर घासलेला आणि आता कडोदरा-चलथाणकडे दोन खोल्या करून राहिलेला. गाव सोडताना गाव विसरायचं त्याने मनाशी ठरवलेलं असतंच, त्यामुळे निम्मी पूर्वतयारी आपोआप झालेली असते.

सुरुवात मोठ्या आठवणीने करू नये. भावाशी बांधावरून झालेलं भांडण नवशिक्याच्या आवाक्याबाहेरचं आहे. त्याचे कागद कोर्टात असतात. मध्यम प्रतीचं काहीतरी घ्यावं. उदाहरणार्थ, स्वतःच्या लग्नात मारुतीच्या दर्शनाला निघालेलं असताना घोडीवरून पडणं.

मुहूर्त पावसाळ्यातला धरावा. दिवाळीच्या सुमाराला चलथाणच्या साखर कारखान्याचं गाळप सुरू झालं की मळीचा वास सुटतो, आणि वास हा या शास्त्राचा मोठा वैरी. पाहिलेलं, ऐकलेलं मेंदूत जाताना आधी थॅलॅमस नावाच्या नाक्यावर थांबतं. वासाला तो नाका लागत नाही. तो भावना आणि आठवणी सांभाळणाऱ्या भागांच्या दारातच उतरतो. कडोदरा चार रस्त्यावर एवढी सवलत कोणत्याही ट्रकला नाही. उसाचा वास आला की गावाकडचं गुऱ्हाळ आठवतं, गुऱ्हाळामागे लग्नसराई येते आणि तिच्यामागे घोडी.

लिहून जाळायची पद्धत लोकप्रिय आहे, पण वापरू नये. रशियात लूरिया या मानसशास्त्रज्ञाने एका माणसाचा अनेक वर्षं अभ्यास केला. त्याला काहीच विसरता येत नसे. त्याने नको असलेलं कागदावर लिहून जाळून पाहिलं, तर जळक्या पापुद्र्यावरही त्याला आकडे दिसत. नुसतं लिहून ठेवणंही घातक. तत्त्ववेत्त्या कांटने १८०२ मध्ये लाम्पे या जुन्या नोकराला काढलं आणि वहीत टिपून ठेवलं, की लाम्पे हे नाव आता पूर्णपणे विसरायचं. परिणामी हे नाव दोनशे वर्षांनी चलथाणपर्यंत येऊन पोचलं आहे.

नुसता निश्चय करणारेही फसतात. १९८७ मध्ये डॅनियल वेग्नरने लोकांना बजावलं, पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका. मग त्यांना अस्वलाशिवाय काही सुचेना. आपल्याकडे अस्वल नाही, पण लग्नातली घोडीही बहुधा पांढरीच असते. मात्र निराश होऊ नये. २००१ मध्ये अँडरसन आणि ग्रीन यांना आढळलं, की जोडीतला एक शब्द दिसताच दुसरा मनात येऊ न देण्याचा पुन्हापुन्हा सराव केला, तर तो दुसरा शब्द पुढे खरंच कमी आठवतो. म्हणजे माणूस एकटा खोलीत बसला तर हे साधतं.

साधक एकटा नसतो, ही खरी अडचण. तो ज्या गाडीने आला त्याच गाडीने मागाहून मेहुणा आला, मावसभाऊ आला, बँडवालाही आला. आठवणीची मूळ प्रत डोक्यात, पण तिच्या नकला उधन्यात, लिंबायतला, पांडेसऱ्यात, डिंडोलीत वाटलेल्या. दुर्वासांसारखा जबरदस्त शाप होता, तरी विसरला तो एकटा दुष्यंत. शकुंतलेला सगळं आठवत होतं, आणि शापाची बातमीसुद्धा तिच्या दोन मैत्रिणींकडे सुखरूप होती. साधक चहाच्या टपरीवर उभा राहिला की पाठीमागून आवाज येतो, “कव्हय उना भो? आज पायीच का?”

(इतिहासातल्या आठवणी या ग्रंथाच्या कक्षेत नाहीत. जानेवारी १६६४ आणि ऑक्टोबर १६७० हे सुरतेच्या लुटीचे दोन महिने पुसायचे नसतात, फक्त घरमालकाशी भाड्याची बोलणी चालू असताना बाजूला ठेवायचे. घरमालकही तेच करत असतो.)

प्रगतीची चाचणी श्रावणात घ्यावी. कानबाईच्या रोटांना गावी जाताना नवापूर स्टेशनवर उतरावं. तिथला प्लॅटफॉर्म अर्धा गुजरातेत, अर्धा महाराष्ट्रात आहे, आणि एका बाकाच्या मधोमध दोन राज्यांची सीमा जाते. साधकाने गुजरातच्या बाजूला बसून घोडी आठवते का पाहावं. नाही आठवली, तर हळूच महाराष्ट्राच्या बाजूला सरकावं. बहुतेक साधक इथून पुढची गाडी न पकडता परत येतात.

इतरांकडच्या नकलांवर उपाय एकच, आणि तो उंदरांकडून मिळाला आहे. २००० मध्ये करीम नादर आणि सहकाऱ्यांनी उंदरांवरच्या प्रयोगात दाखवलं, की जागी केलेली आठवण काही काळ कच्ची होते आणि तिला पुन्हा पक्कं व्हावं लागतं. तेवढ्यात औषधाने अडवलं, तर ती नीट बसत नाही. औषध आपल्याजवळ नाही, पण लग्नं भरपूर आहेत. म्हणून प्रत्येक लग्नात, कोणी विषय काढण्याआधी, साधकाने स्वतःच हा किस्सा सांगावा आणि दर वेळी थोडा हलवावा. पहिल्या लग्नात घोडी फटाक्यांना बुजली असं म्हणावं. दुसऱ्यात पडलो नाही, उडी मारली. तिसऱ्यात घोडीचा मालक पडला. चौथ्या लग्नापर्यंत ऐकणाऱ्यांच्या नकला बऱ्यापैकी ढिल्या झालेल्या असतात. तेव्हा घोडीवर मेहुण्याला बसवून द्यावं. त्या दिवशी मेहुणा गावी गेलेला असेल, एवढी खात्री आधी करून घ्यावी.

बायको मात्र मांडवातच असेल. तिच्यासाठीचं प्रकरण ग्रंथात नाही.